स्पेनच्या इमारती, मुस्लिम की ख्रिश्चन? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

स्पेनच्या वास्तुकलेवर काही लिहिलं की ठरावीक प्रश्न येतातच. काही सहलीला निघालेल्यांचे असतात, काही आर्किटेक्चरच्या विद्यार्थ्यांचे, तर काही निव्वळ वाद घालायला आलेले. ते सगळे इथे एकत्र केले आहेत. गावांची आणि इमारतींची नावं स्पॅनिश उच्चाराच्या जवळपास ठेवली आहेत. 'जिराल्डा' शोधत असाल तर ती इथे 'हिराल्दा' म्हणून सापडेल.

'अमुक इमारत मुस्लिम की ख्रिश्चन?' असं कुणी विचारलं की मी उलट तीन गोष्टी विचारतो. पैसे कोणी दिले? काम कोणाच्या हातचं? वापर कोणी केला? स्पेनमध्ये या तिन्हींचं उत्तर एकच येईल असं धरून चालू नका.

१. मुसलमानांचं राज्य स्पेनवर नेमकं किती वर्षं होतं? सगळीकडे सारखंच होतं का?

७११ ते १४९२ म्हणजे जवळपास ७८० वर्षं, हे पाठ्यपुस्तकी उत्तर. पण ते एकट्या ग्रानादाला लागू पडतं. तोलेदो १०८५ मध्ये कास्तिया या ख्रिस्ती राज्याच्या राजाकडे गेलं, झारागोझा १११८ मध्ये आरागॉनकडे, कोर्दोबा १२३६ मध्ये आणि सेव्हिल १२४८ मध्ये. उत्तरेकडचा आस्तुरियासचा डोंगराळ पट्टा तर मुस्लिम राज्यकर्त्यांच्या हाती कधी टिकलाच नाही. ओविएदोजवळ नवव्या शतकातला सांता मारिया देल नारांकोचा दगडी महाल आहे. त्याच सुमारास दक्षिणेत कोर्दोबाची मशीद वाढवली जात होती. दोन्ही इमारती एकाच देशातल्या आणि एकाच काळातल्या, हे पाहूनही खरं वाटत नाही.

त्यामुळे कुठलीही इमारत पाहताना ते गाव कोणाच्या हातून कोणाकडे कधी गेलं, ते साल आधी बघा. निम्मा उलगडा तिथेच होतो.

२. घोड्याच्या नालेसारखी कमान अरबांनीच आणली ना?

नाही. ही कमान स्पेनमध्ये आधीपासून होती. पालेन्सिया प्रांतात सान हुआन दे बान्योस नावाचं छोटं चर्च आहे. मुसलमानांआधी स्पेनवर राज्य करणाऱ्या व्हिसिगॉथ लोकांचा राजा रेसेस्विंथ याने ते ६६१ मध्ये बांधवलं, म्हणजे मुस्लिम सैन्य स्पेनमध्ये उतरण्याच्या ५० वर्षं आधी. त्यात नालाकृती कमानी आहेत.

कोर्दोबाच्या कारागिरांनी ती उचलली आणि तिचं रूप पालटलं. कमान खाली अधिक आत वळली, भोवती चौकोनी चौकट आली, एकाआड एक लाल आणि पांढरे पट्टे आले. आज आपण जिला 'अरबी कमान' म्हणतो ती या संस्करणानंतरची. मूळ मात्र स्थानिकच.

३. कोर्दोबाच्या मशिदीत एवढं काय आहे? फोटोत तर नुसते खांबच दिसतात.

खांबच आहेत, ८५० हून जास्त. पण ते नीट बघायला हवेत.

पहिला अब्द अल-रहमान सीरियातून जीव वाचवून आलेला, उमय्यद या खलिफांच्या घराण्यातला राजपुत्र. त्याने ७८५ च्या सुमारास काम सुरू केलं तेव्हा हाताशी होते ते जुन्या रोमन आणि व्हिसिगॉथ इमारतींचे खांब. कुठे संगमरवर, कुठे ग्रॅनाइट, आणि उंची प्रत्येकाची वेगळी. काही खांब जमिनीत थोडे खोल बसवले, काहींच्या डोक्यावर जाड शीर्ष ठेवून सगळे एका पातळीत आणले. तरीही ते एवढ्या मोठ्या दालनासाठी बुटकेच होते. मग खांबावर एक कमान आणि तिच्या वर, हवेत, दुसरी कमान असा उपाय निघाला. खालची कमान खांबांना एकमेकांशी बांधून धरते, वरची छप्पर उचलते. रोमन लोकांनी मेरिदा इथे पाणी आणायला बांधलेल्या जलसेतूतही कमानी अशा एकावर एक आहेत, आणि विटा-दगडांचे पट्टेही आहेत. कोर्दोबाच्या गवंड्यांनी तो बघितला असावा असं बऱ्याच अभ्यासकांना वाटतं, मलाही वाटतं.

पुढे मशीद तीनदा मोठ्या प्रमाणावर वाढली: नवव्या शतकात दुसऱ्या अब्द अल-रहमानने, ९६० च्या दशकात दुसऱ्या अल-हकमने आणि ९८७ मध्ये अल-मन्सूर या वजिराने. हे टप्पे डोळ्यांनी ओळखता येतात. अल-हकमच्या भागातले खांब जुने आणलेले नाहीत. ते मुद्दाम घडवलेत, एक गुलाबी आणि एक निळसर काळा अशा ओळीने. अल-मन्सूरच्या भागात गेलात की कमानीच्या लाल पट्ट्यांकडे जवळून बघा. बाकी ठिकाणी तिथे खरी वीट असते. इथे दगडावर लाल रंग फासलाय. घाईचं काम, आणि हजाराहून अधिक वर्षं झाली तरी लपलेलं नाही.

या वजिराला दक्षिणेकडे वाढायला जागा नव्हती, कारण तिकडे नदी. त्याने पूर्वेला आठ ओळी वाढवल्या आणि मिहराब, म्हणजे नमाजाची दिशा दाखवणारा भिंतीतला कोनाडा, मधोमध राहिला नाही. नकाशात मिहराब एका बाजूला का सरकलाय असं बरेच जण विचारतात, त्याचं कारण हे.

४. मिहराब मक्केच्या दिशेला नाही असं वाचलं. खरं आहे का?

खरं आहे. आपल्याकडच्या मशिदी पश्चिमेला तोंड करून असतात. स्पेनहून मक्का पूर्व-आग्नेयेला येते. कोर्दोबाचा मिहराब मात्र बराच दक्षिणेकडे वळलेला आहे. कारणांवर एकमत नाही. दमास्कसच्या उमय्यद मशिदीचा मिहराब दक्षिणेला, म्हणून घराण्याच्या आठवणीने तीच दिशा ठेवली, असं एक मत आहे. जुन्या रोमन शहराच्या रस्त्यांची आखणी आणि नदीचा काठ यांनी दिशा ठरवली, असं दुसरं. मला दुसरं जास्त पटतं, कारण भर वस्तीत जागा मिळते तशी घ्यावी लागते.

मिहराबावरचं सोनेरी मोझेक बायझंटाइन पद्धतीचं आहे. अरब इतिहासकार सांगतात की खलिफाच्या विनंतीवरून कॉन्स्टँटिनोपलच्या ख्रिस्ती सम्राटाने एक कारागीर आणि काचेचे तुकडे पाठवले. म्हणजे मशिदीचा सर्वांत पवित्र कोपरा ख्रिस्ती राजधानीतल्या कसबाने सजला. प्रस्तावनेतले तीन प्रश्न इथे लावून बघा.

५. त्या मशिदीच्या पोटात कॅथेड्रल कसं आलं?

१२३६ मध्ये कास्तियाचा राजा तिसरा फेर्नांदो याने शहर जिंकल्यावर मशिदीचा चर्च म्हणून अभिषेक झाला. इमारतीला जवळजवळ हात लागला नाही. पुढची पावणेतीनशेहून अधिक वर्षं ती थोड्याफार बदलांनी तशीच वापरली गेली. या काळात तिथे एक शाही दफनगृहही झालं आणि त्याची सजावट बघितली तर ते मुस्लिम राजवाड्याचं दालन वाटतं. ते १३७१ चं काम, दुसऱ्या एनरिकेच्या काळातलं. दफन कास्तियाच्या राजांचं आणि छतात लटकणारी मधमाश्यांच्या पोळ्यासारखी मुकर्नास नक्षी!

खरी मोडतोड १५२३ मध्ये झाली. बिशप आलोन्सो मान्रिके यांनी मधला भाग पाडून उंच नेव्ह, म्हणजे चर्चचं मुख्य लांब दालन, उभारायचं ठरवलं. नगरपालिकेने विरोध केला, तोही कडक. पाडकामाला हात लावणाऱ्या कामगाराला देहदंड देऊ अशी दवंडी पिटली. वाद सम्राट पाचव्या कार्लोसकडे गेला आणि त्याने बिशपच्या बाजूने कौल दिला. काम १६०७ पर्यंत चाललं. त्यामुळे त्यात गॉथिक, रेनेसान्स आणि शेवटी बरोकची चाहूल, सगळं एकावर एक चढलंय.

नंतर सम्राटाने ते पाहिलं आणि 'कुठेही बांधता आलं असतं ते बांधायला जगात एकच होतं ते मोडलंत' असं तो म्हणाला, ही गोष्ट प्रत्येक गाईड सांगतो. तो असं खरंच म्हणाला याचा भक्कम पुरावा नाही. शिवाय याच सम्राटाने ग्रानादाच्या अल्हाम्ब्राच्या आवारात स्वतःचा राजवाडा घुसवला (प्रश्न ७), त्यामुळे त्याचा पश्चात्ताप मी फारसा मनावर घेत नाही.

एक मात्र मान्य करावं लागतं. ते नेव्ह मशिदीच्या छताला मधोमध घट्ट धरून बसलंय आणि इमारत चर्च म्हणून रोजच्या वापरात राहिली, म्हणूनच कदाचित उरलेली मशीद वाचली. इतर मोठ्या मशिदींचं काय झालं ते प्रश्न १२ मध्ये आहे.

६. आज तिथे नमाज पढता येतो का?

नाही. ते कॅथलिक कॅथेड्रल आहे, नियमित मास होतो आणि मुस्लिम प्रार्थनेला परवानगी नाही. स्पेनमधल्या मुस्लिम संघटनांनी मागणी केली होती, चर्चने ती नाकारली. २००६ मध्ये बिशपच्या कार्यालयाने इमारतीची नोंद आपल्या नावावर केल्यापासून मालकीचा वादही अधूनमधून पेटतो.

७. अल्हाम्ब्रा किल्ला आहे की राजवाडा? आणि तो संगमरवरी आहे का?

दोन्ही, आणि शिवाय एक छोटं शहरच. डोंगराच्या टोकाला अल्काझाबा हा किल्ला, त्यामागे ग्रानादावर राज्य करणाऱ्या नास्री घराण्यातल्या सुलतानांचे राजवाडे, त्यांच्यामागे कारागीर आणि सेवकांची वस्ती. पहिल्या मुहम्मदने १२३८ च्या सुमारास सुरुवात केली. आपण पाहायला जातो ते महाल मुख्यतः १४व्या शतकातल्या दोघांचे: कोमारेसचा राजवाडा पहिल्या युसूफचा, सिंहांचा राजवाडा त्याचा मुलगा पाचवा मुहम्मद याचा.

संगमरवराबद्दल म्हणाल, तर खांब, कारंजी, काही ठिकाणची फरसबंदी सोडली तर तो फारसा नाही. तटबंदी आणि बुरूज मुख्यतः चेचलेल्या मातीचे. लाकडी साच्यात माती, चुना आणि खडे भरून धुमसायचं, साचा वर सरकवायचा, पुन्हा भरायचं. बुरुजांवर आडव्या रेघा आणि ओळीने भोकं दिसतात, ती साच्याच्या फळ्यांची आणि आडव्या वाशांची खूण. आतल्या भिंतींवरची जाळीदार नक्षी गिलाव्याची, तीही बरीचशी साच्यातून काढलेली आणि मूळची रंगीत: निळी, लाल, सोनेरी. आज दिसणारा मऊ पिवळसर रंग उडून गेल्यानंतरचा आहे. हे काम खर्चापेक्षा कसबावर उभं होतं. नास्री राज्य लहान होतं, कास्तियाला खंडणी भरत होतं, आणि दगड-संगमरवराची उधळपट्टी त्याला परवडणारी नव्हती.

राजदूतांच्या दालनाचं छत वर मान करून बघा. लाकडाचे ८,००० हून अधिक तुकडे जोडून केलेल्या ताऱ्यांच्या नक्षीचे सात थर, कुराणातली सात आकाशं.

आणि पाणी. दारो नदीतून काही किलोमीटरवरून काढलेला पाट, शाही आसेकिया, डोंगरउतार धरून वर येतो. महालांच्या चौकात पाणी कुठे आरशासारखं निश्चल तर कुठे बोटभर रुंद पन्हळीतून वाहतं. बाहेरून कोऱ्या भिंती आणि आत उघडा चौक ही मांडणी आपल्या वाड्यात वाढलेल्याला लगेच कळते. युरोपीय प्रवाशांना तिचं जेवढं नवल वाटलं तेवढं आपल्याला वाटत नाही.

यात मधेच येतो पाचव्या कार्लोसचा राजवाडा. पेद्रो माचुकाने १५२७ मध्ये सुरू केलेला, बाहेरून चौरस, आत पूर्ण गोल अंगण. अल्हाम्ब्राप्रेमी त्याला शिव्या घालतात. इमारत म्हणून ती स्पेनच्या रेनेसान्समधली अव्वल आहे, फक्त तिचा शेजार चुकला. आणि सम्राट तिथे कधीच राहिला नाही.

८. भिंतींवर सगळं कुराण लिहिलंय का?

थोडंच. सर्वांत जास्त वेळा येतं ते नास्री घराण्याचं ब्रीद: 'अल्लाहशिवाय विजेता नाही'. त्याखेरीज सुलतानाची स्तुती, आशीर्वाद आणि कविता. इब्न झमरक हा दरबारी कवी आणि वजीर. त्याच्या ओळी सिंहांच्या कारंजाच्या कडेवर कोरल्या आहेत. त्यात तो म्हणतो, पाणी आणि संगमरवर असे एकजीव झालेत की वाहतंय कोणतं तेच कळेना. बऱ्याच ठिकाणी इमारत स्वतःच 'मी' म्हणून बोलते: मी बाग आहे, मी कमान आहे, माझ्याकडे बघ.

९. इस्लाममध्ये प्राण्यांच्या मूर्ती चालत नाहीत, मग सिंह कसे?

मशिदीत चालत नाहीत. राजवाड्यात मात्र इस्लामी जगात ठिकठिकाणी प्राणी आणि माणसं सापडतात. अल्हाम्ब्राचे बारा सिंह पांढऱ्या संगमरवराचे आहेत, तोंडातून पाणी सोडणारे. ते अकराव्या शतकातल्या एखाद्या जुन्या महालातून आणले असावेत असं पूर्वी मानत. २०१२ मध्ये संपलेल्या दुरुस्तीनंतर ते पाचव्या मुहम्मदच्याच काळातले मानले जातात.

याहून मोठा अपवाद त्याच चौकाच्या एका कडेला आहे, राजांच्या दालनात. छतावर चामड्यावर काढलेली चित्रं आहेत. मधल्या छतात पागोटेधारी दहा पुरुष बसलेत, बाजूच्या छतांत शिकार करणारे सरदार आणि किल्ल्यातल्या स्त्रिया. शैली सरळसरळ ख्रिस्ती युरोपातल्या दरबारांची. सुलतानाने अशी चित्रं काढवली, कारण ती त्याला आवडली असणार. याहून गूढ कारण शोधायची गरज मला दिसत नाही.

१०. 'मुदेहार' म्हणजे नक्की काय?

ख्रिस्ती राज्यात राहिलेल्या मुसलमानांना मुदेहार म्हणत. त्या नावावरून शैलीचं नाव पडलं ते फार उशिरा, १८५९ मध्ये. होसे आमादोर दे लोस रिओस या अभ्यासकाने एका भाषणात ते वापरलं आणि रुळलं. चर्च, सिनेगॉग किंवा ख्रिस्ती राजाचा महाल, पण वीट, गिलावा, चिनीमातीच्या फरशा आणि लाकडी छत यांची भाषा आंदालुसी, म्हणजे मुस्लिम स्पेनची, असं काम म्हणजे मुदेहार.

कारागीर मुसलमानच असायचा असं मात्र नाही. हे हुन्नर गिल्डमधून पसरलं आणि ख्रिस्ती सुतार-गवंडीही तेच करू लागले. १६०९ ते १६१४ मध्ये मोरिस्कोंना, म्हणजे बाप्तिस्मा दिलेल्या मुसलमानांच्या वंशजांना, देशाबाहेर काढलं. सुमारे तीन लाख माणसं गेली. तरी १६३३ मध्ये सेव्हिलच्या दिएगो लोपेस दे आरेनास या सुताराने याच नक्षीदार छतांच्या सुतारकामावर पुस्तक छापलं.

बघायचं असेल तर तेरुएलला जा. आसपास चांगला दगड कमी, माती आणि जिप्सम भरपूर, म्हणून वीट. सान मार्तिनचा मनोरा (१३१५-१६) रस्त्यावरच उभा आहे आणि खालच्या कमानीतून लोक ये-जा करतात. वर विटांच्या एकमेकींत गुंतलेल्या कमानी आणि मधे हिरव्या-पांढऱ्या चकाकत्या फरशा. एल साल्वादोरचा मनोरा चढलात तर रचना कळेल: एका मनोऱ्यात दुसरा मनोरा आणि दोहोंच्या मधल्या पोकळीत जिना. ही मिनाराची रचना, फक्त वर घंटा टांगलेल्या.

११. सेव्हिलचा अल्काझार मुस्लिम राजाचा ना?

हा प्रश्न सर्वांत जास्त येतो आणि चूक समजण्यासारखी आहे. जागा मुस्लिम काळातली आहे. पण ज्या महालाचे फोटो सगळीकडे फिरतात तो कास्तियाचा ख्रिस्ती राजा पेद्रो याने १३६४ च्या सुमारास बांधवला. दर्शनी भिंतीच्या वरच्या भागात गॉथिक लिपीत त्याचं नाव, बिरुदं आणि साल आहे. आणि त्या मजकुराच्या चौकटीच्या आत, निळ्या-पांढऱ्या फरशांमध्ये, कुफी अरबी लिपीत ओळ आहे: 'अल्लाहशिवाय विजेता नाही'. हो, ग्रानादाचंच ब्रीद (प्रश्न ८).

पेद्रो आणि ग्रानादाचा पाचवा मुहम्मद यांची युती होती. १३६२ मध्ये मुहम्मदला गादी परत मिळवायला पेद्रोने मदत केली. ग्रानादा आणि तोलेदोचे कारागीर सेव्हिलच्या कामावर होते. आणि पेद्रोचा महाल उभा राहिला तेव्हा अल्हाम्ब्रातला सिंहांचा राजवाडा अजून व्हायचा होता. म्हणजे कोणी कोणाची नक्कल केली, हे उत्तर एकाच दिशेने देता येत नाही.

१२. ख्रिस्ती राजांनी मशिदी पाडल्या नाहीत, हे कौतुकास्पद नाही का?

पाडल्या की! फक्त लगेच पाडल्या नाहीत. जिंकल्यावर शुद्धी करून वेदी ठेवली की मशीद चर्च होई. हे स्वस्त होतं आणि विजय रोज डोळ्यांसमोर राहत होता. पैसा जमला की पाडून नवीन. तोलेदोच्या मोठ्या मशिदीच्या जागी १२२६ मध्ये गॉथिक कॅथेड्रल सुरू झालं. सेव्हिलला १४०१ मध्ये ठराव झाला आणि आज तिथे जगातलं सर्वांत मोठं गॉथिक कॅथेड्रल आहे. मशिदीचं संत्र्यांच्या झाडांचं अंगण आणि मिनार तेवढे राहिले. ग्रानादाची मोठी मशीदही गेली.

लहान मशिदी कधीकधी नशिबाने वाचल्या. तोलेदोची क्रिस्तो दे ला लुस ही ९९९ मधली, विटांची, एखाद्या मोठ्या खोलीएवढी. छताचे नऊ भाग, नऊही घुमटांच्या फासळ्यांची रचना वेगळी. १२व्या शतकात तिला चर्चचा अर्धगोल भाग जोडला, तोही विटांत आणि तशाच कमानींनी. जोड कुठे आहे ते पटकन सापडत नाही.

१३. सेव्हिलच्या हिराल्दाचा कोणता भाग मशिदीचा आणि कोणता चर्चचा?

विटांची जाळीनक्षी आहे तिथपर्यंत मिनार, १२व्या शतकाच्या अखेरचा, मोरोक्कोतून आलेल्या अल्मोहाद या मुस्लिम राजवटीतला. मराकेशची कुतुबिया आणि रबातचा हसन मिनार ही त्याची भावंडं. त्यावरचा घंटाघराचा भाग एर्नान रुइस दुसरा याने १५५८ ते १५६८ मध्ये चढवला. आत जिना नाही, ३५ उतरणी आहेत. मुअज्जिनाला घोड्यावरून वर जाता यावं म्हणून, असं सांगतात. गुडघे दुखणाऱ्यांसाठी ही चांगली बातमी.

एक गंमत सांगतो, कारण ती मला फार आवडते. कोर्दोबाच्या मशिदीतलं नेव्ह सुरू करणारा एर्नान रुइस पहिला. सेव्हिलच्या मिनारावर घंटाघर चढवणारा त्याचा मुलगा. आणि कोर्दोबाच्या मिनाराला दगडी घंटाघराचं कवच घालायला १५९३ मध्ये सुरुवात करणारा नातू, एर्नान रुइस तिसरा. मशिदीवर चर्च बसवणं हा तीन पिढ्यांचा घरचा धंदा होता!

१४. 'मोझारब' आणि 'मुदेहार' एकच का?

उलटे. मुस्लिम राज्यात राहून अरबी वळण घेतलेले ख्रिस्ती ते मोझारब. त्यांच्यातले काही भिक्षू उत्तरेत गेले. लेओनजवळचं सान मिगेल दे एस्कालादा हे ९१३ मधलं मठाचं चर्च कोर्दोबाहून आलेल्यांनी उभारलं, आणि त्यात नालाकृती कमानींची ओळच्या ओळ आहे. अशा सगळ्या चर्चना 'मोझारबी' म्हणावं का यावर अभ्यासकांत मतभेद आहेत, कारण ही कमान उत्तरेतही आधीपासून होती (प्रश्न २).

१५. ज्यू लोकांचा यात काहीच वाटा नव्हता का?

होता, आणि तोलेदोत तो धडधडीत दिसतो. एल त्रान्सितोचं सिनेगॉग पेद्रो राजाचा खजिनदार सामुएल हालेवी याने १३५० च्या दशकात बांधलं. भिंतींवर हिब्रू स्तोत्रं, गिलाव्याच्या नक्षीत अरबी अक्षरं आणि कास्तियाची राजचिन्हं. काही वर्षांतच, १३६० मध्ये, त्याच राजाने त्याला कैद केलं आणि छळात तो मेला. जवळचं सांता मारिया ला ब्लांका हेही मूळ सिनेगॉग. पांढरे अष्टकोनी खांब आणि नालाकृती कमानी पाहून लोक त्याला हमखास मशीद समजतात.

१६. म्हणजे तीन धर्म गुण्यागोविंदाने राहत होते असंच ना?

इमारतींवरून एवढा मोठा निष्कर्ष काढू नका. आवड आणि सहिष्णुता वेगळ्या गोष्टी आहेत. ९९७ मध्ये अल-मन्सूरने उत्तरेतलं सांतियागो हे ख्रिस्ती तीर्थक्षेत्र लुटलं आणि तिथल्या घंटा कोर्दोबाला आणून मशिदीत दिवे केले. १२३६ नंतर फेर्नांदोने त्याच घंटा मुस्लिम कैद्यांच्या खांद्यावरून परत पाठवल्या, असं बखरी सांगतात. १४९२ मध्ये ज्यूंची हकालपट्टी झाली. त्यानंतर कास्तियातल्या मुसलमानांसमोर १५०२ मध्ये बाप्तिस्मा किंवा देशत्याग असा पर्याय ठेवला गेला. हे हुकूम काढणारे राजेराणी मुदेहार छतांखालीच राहत होते.

१७. कोर्दोबाच्या घुमटांचं आणि विजापूरच्या गोल घुमटाचं नातं आहे का?

चांगला प्रश्न. दोन्हीकडे एकमेकींना छेदणाऱ्या कमानी आहेत आणि त्यातून आठ कोनांचा तारा तयार होतो. कोर्दोबात मिहराबासमोर ९६० च्या दशकात, विजापुरात १७व्या शतकात. पण काम वेगळं. कोर्दोबातल्या फासळ्या लहान घुमटाच्या आतल्या बाजूला आहेत. विजापुरात त्या कमानी प्रचंड घुमटाचं वजन खालच्या चौकोनी भिंतींवर आणतात. थेट नातं सिद्ध झालेलं नाही, आणि विजापूरची जवळची मुळं इराण-मध्य आशियाकडे शोधतात.

कोर्दोबाच्या फासळ्यांचं स्पेनमधलं ख्रिस्ती वंशज बघायचं तर नावारातलं तोरेस देल रिओचं अष्टकोनी चर्च बघा, १२व्या शतकातलं. फ्रान्सच्या गॉथिक फासळ्या इथूनच गेल्या असा दावाही करतात. मला तो ताणलेला वाटतो, कारण कोर्दोबातल्या फासळ्या घुमटाचा मध्य मोकळा सोडतात आणि गॉथिक फासळ्या मध्यावरच येऊन मिळतात.

१८. गोव्यातल्या निळ्या फरशा स्पेनच्या का?

पोर्तुगालच्या. पण पोर्तुगालात हा शौक बळावला तो सेव्हिलच्या फरशांमुळे. सिंत्राच्या राजवाड्यात १५०० च्या आसपास तिथूनच फरशा आणल्या. त्यांवर तारे आणि गुंतागुंतीच्या भौमितिक आकृत्या असत. निळ्या-पांढऱ्या चित्रांची चाल नंतरची, डच आणि चिनी भांड्यांच्या प्रभावाची. पणजीच्या मेनेझेस ब्रागांझा संस्थेत जॉर्ज कोलासो यांनी १९३५ मध्ये केलेलं काम आहे, ते या साखळीतलं अगदी अलीकडचं टोक.

१९. माद्रिदचा बैलझुंजीचा आखाडा 'मूरिश' दिसतो. तो किती जुना?

तो आखाडा, लास व्हेंतास, १९३१ मध्ये उघडला. तोलेदोचं सुंदर रेल्वे स्टेशन १९१९ चं. हे नव-मुदेहार: १९व्या शतकात 'आपली राष्ट्रीय शैली कोणती' याचा शोध सुरू झाला, त्यातून आलेलं. ओळखायची सोपी खूण म्हणजे विटा एकसारख्या, यंत्राने केलेल्या आणि मांडणी काटेकोर सममित.

खऱ्या वास्तूंवरही या काळाने हात फिरवलाय. १८५९ मध्ये राफाएल कोंत्रेरास याने सिंहांच्या चौकातल्या एका मंडपावर रंगीत कौलांचा घुमट चढवला, कारण 'पौर्वात्य' इमारतीला घुमट हवा. लेओपोल्दो तोरेस बाल्बास या वास्तुतज्ज्ञाने १९३४ मध्ये तो काढून साधं उतरतं छप्पर बसवलं, तर ग्रानादात आरडाओरडा झाला. जुन्या फोटोत तो घुमट दिसतो आणि आज नाही, त्याचं उत्तर हे.

२०. हातात चारच दिवस आहेत. काय बघू?

माद्रिदला उतरत असाल तर तोलेदो एका दिवसात होतं, रेल्वेने अर्धा तास. तिथून पुढे कोर्दोबा एक दिवस, ग्रानादा दोन दिवस. सेव्हिलसाठी पाचवा दिवस काढा, नाहीतर कोर्दोबाहून पाऊण तासाची रेल्वे धरून सकाळी जाऊन संध्याकाळी या. तेरुएल या मार्गावर नाही, त्यासाठी वेगळी सहल लागेल. जुलै-ऑगस्ट टाळा, कोर्दोबात पारा चाळिशी सहज ओलांडतो.

अल्हाम्ब्राचं तिकीट विमानाच्या तिकिटाबरोबरच काढा. ते नावावर असतं, मूळ पासपोर्ट जवळ ठेवा. त्यावर छापलेली वेळ फक्त नास्री राजवाड्यांच्या दाराची असते. फाटकापासून तिथवर बरंच चालावं लागतं आणि वेळ चुकली तर आत सोडत नाहीत.